थेंबे थेंबे शोरबा

हॉटेलात बसल्यावर आपण वेटरला सहज सांगतो, ‘ग्रेव्ही जरा जास्त आणा.’ त्या ग्रेव्हीत कांदा असतो, टोमॅटो असतो, काजूची पेस्ट असते. पनीर मसाला मागवा की चिकन मसाला, खाली तीच लाल नाही तर पांढरी ग्रेव्ही. ज्या इंग्रजांकडून हा शब्द आपल्याकडे आला, त्यांच्या घरी मात्र ग्रेव्ही म्हणजे निराळाच पदार्थ. मांसाचा मोठा तुकडा भाजताना त्यातून रस आणि चरबी थेंबाथेंबानं खालच्या ताटात उतरते. त्या ऐवजापासून केलेला पातळ, तपकिरी रस्सा म्हणजे ग्रेव्ही. त्यात ना टोमॅटो, ना काजू.

रमजानच्या पानावर हा विषय काढण्याचं कारण म्हणजे रान. मराठीत रान म्हणजे जंगल, उर्दूत रान म्हणजे मांडी. बकऱ्याची अख्खी मागची तंगडी मसाला लावून रात्रभर मुरवायची आणि सबंध भाजायची. इफ्तारला पाहुणे येणार असतील किंवा ईदचा दस्तरखान असेल, तर ज्या घराला परवडतं तिथं रान होते. आता अनेक घरांत ओव्हन आले आहेत. ज्यांच्याकडे नाहीत ते मोहल्ल्यातल्या बेकरीवाल्याला गळ घालतात. रान मोठ्या ताटात सजते, तिचे फोटो निघतात, वाहवा होते. आणि जिच्यात ती भाजली ती ट्रे? ती मोरीत जाते. वर गरम पाणी, साबण, तारेची घासणी. रानीची निम्मी चव अशी नळाखाली वाहून जाते. आजच्या मटणाच्या भावात तर हे अजिबात परवडणारं नाही.

ट्रेमध्ये उरतं तरी काय?

तीन गोष्टी उरतात. वर तरंगते ती चरबी. उर्दूत तिला रोगन म्हणतात, आपल्याकडे तर्री किंवा तवंग. तिच्याखाली असतो मांसाचा आणि मसाल्याचा पाणीदार रस. आणि सगळ्यात खाली, ट्रेच्या बुडाला घट्ट चिकटलेला तपकिरी थर. उर्दूत त्याला खुरचन म्हणतात, मराठीत खरवड.

या खरवडीचं महत्त्व मराठी माणसाला समजावून सांगायची गरज नाही. लोणी कढवल्यावर तळाशी बेरी उरते. लहानपणी त्या बेरीवर साखर घालून ती चाटूनपुसून खाल्लेली पिढी अजून आहे. बेरी इतकी खमंग का लागते? दुधातली प्रथिनं आणि साखर उष्णतेनं एकमेकांशी जुळतात, त्यातून नवा रंग आणि नवे वास तयार होतात म्हणून. लुई कामिय मायार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञानं 1912 मध्ये ही क्रिया मांडली आणि तिला त्याचंच नाव मिळालं. पावाचा वरचा पापुद्रा, भाजलेली कॉफी, खरपूस मटण या सगळ्यांमागे तीच क्रिया आहे. साधारण 140 अंश सेल्सिअसच्या पुढे ती जोरात होते. पाणी 100 अंशांना उकळतं, म्हणून नुसतं उकडलेलं मटण फिकं राहतं आणि भाजलेलं तांबूस होतं. ट्रेच्या बुडाशी जमते ती याच चवीची साठवण.

मराठीनं इथं दोन शब्द नेमके ठेवले आहेत: खरपूस आणि करपलेलं. खुरचन तपकिरी असेल तर ती खरपूस, तिचा शोरबा होतो. काळी झाली तर ती करपली. तिचा कडूपणा कशानंही झाकला जात नाही, तेव्हा ती घ्यायची नाही.

रसातही एक गुण असतो. सांध्याजवळच्या चिवट पडद्यांमधलं कोलॅजन मंद आचेवर तासन्‌तास शिजलं की त्याचं जिलेटिन होतं. बोटाला आणि ओठांना हलका चिकटपणा येतो तो त्याचाच. पाया खाणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको.

बगदादचं ताट, यॉर्कशायरचं ताट

भाजल्या जाणाऱ्या मांसाखाली भांडं ठेवायची अक्कल इंग्रजांचीच होती असं नाही. बगदादमध्ये दहाव्या शतकात इब्न सय्यार अल-वर्राक यानं आणि पुढे 1226 मध्ये मुहम्मद बिन हसन अल-बगदादी यानं पाककृतींचे ग्रंथ लिहिले. दोघांच्याही ग्रंथांचं नाव ‘किताब अल-तबीख’, म्हणजे स्वयंपाकाचं पुस्तक. दोघांतही जूजाबा नावाचा पदार्थ आहे. तंदुरीत कोंबडी टांगायची आणि तिच्याखाली रोटीचे थर, साखर, कधी फळं घातलेलं भांडं ठेवायचं. कोंबडीचा रस थेंबाथेंबानं त्या गोड थरांत उतरायचा. मग ते गोड आणि ती कोंबडी एकत्र वाढायची.

येमेनमधल्या हद्रामौत भागातली मंदी याच जातकुळीची. जमिनीतल्या खोल भट्टीत तळाशी तांदळाचं भांडं, वर मांस, आणि भट्टीचं तोंड बंद. मांसातून जे गळतं ते भातात मुरतं. मंदी हा शब्द अरबीतल्या दवबिंदूच्या शब्दाशी जोडला जातो. आम्हा मराठवाडेकरांना ही गोष्ट फार दूरची नाही. हद्रामौतचे अरब निजामाच्या फौजेत होते. हैदराबादची बारकस ही त्यांची वस्ती, आणि तिचं नाव ‘बराक’ या लष्करी शब्दावरून पडलं. 1948 पर्यंत मराठवाडाही त्याच निजामाच्या राज्यात होता. आज बारकसच्या मंदीसाठी लोक लांबून येतात.

इंग्लंडमध्ये चुलाण्यासमोर सळईवर मांस फिरत असे आणि खाली ताट असे. 1737 मधल्या एका इंग्रजी पुस्तकात त्या ताटात मैदा, दूध आणि अंड्याचं पातळ पीठ ओतून गळणाऱ्या चरबीत फुलवायची कृती आहे. 1747 मध्ये हॅना ग्लास या लेखिकेनं त्याला यॉर्कशायर पुडिंग असं नाव दिलेली कृती छापली. साध्या घरांत हे पुडिंग ग्रेव्हीत बुडवून जेवणाच्या सुरुवातीलाच वाढायची पद्धत होती. पोट आधी त्यानं भरायचं, म्हणजे मांसाचा छोटा तुकडा सगळ्यांना पुरायचा. कामगारांच्या घरी ताटातली गोठलेली चरबी मीठ भुरभुरून पावावर लावून खाल्ली जायची. पुढे 1908 मध्ये बिस्टो नावाची ग्रेव्हीची पावडर बाजारात आली आणि अनेक घरांतलं ताट खरवडण्याचं काम कमी झालं.

आपल्याकडे भुना गोश्त करणारी प्रत्येक बाई हेच करते, फक्त ताटाऐवजी पातेल्यात. मसाला बुडाला लागू लागला की पाण्याचा हबका मारायचा, उलथन्यानं सोडवायचा, पुन्हा लागू द्यायचा, पुन्हा सोडवायचा. खुरचन करायची आणि विरघळवायची, दहा-बारा वेळा. भुना या शब्दात सगळी कृती आली.

घरी करताना

दीड किलोची रान धरू. आलं-लसूण, दही, कच्ची पपई, मसाला, जो तुमच्या घरचा असेल तो. ट्रेमध्ये दोन-तीन कांद्यांच्या जाड चकत्या आणि आडवा कापलेला एक लसणाचा गड्डा पसरा, त्यावर रान ठेवा आणि तळाशी एक कप पाणी घाला. हे पाणी महत्त्वाचं, कारण दही आणि मसाला खाली गळला की कोरड्या ट्रेमध्ये लगेच करपतो. ओव्हन 220 अंशांवर, वीस मिनिटं. मग फॉइलनं घट्ट झाकून 160 अंशांवर दोन ते अडीच तास. मध्ये एकदा पाहा. ट्रे कोरडी दिसली तर अर्धा कप गरम पाणी घाला. शेवटी दहा मिनिटं फॉइल काढून रंग येऊ द्या.

रान बाहेर काढून ताटात पंधरा-वीस मिनिटं तशीच राहू द्या. लगेच कापली तर रस वाहून जातो. ताटात जमलेला रसही शोरब्याचाच.

आता ट्रेमधला पातळ ऐवज एका उंच भांड्यात ओता. दहा मिनिटांत चरबी वर येते, ती डावानं काढून वेगळी ठेवा. घाई नसेल तर भांडं फ्रीजमध्ये ठेवा. मटणाची चरबी गोठून पापडीसारखी निघते. ट्रेमध्ये कपभर गरम पाणी घालून लाकडी उलथन्यानं खुरचन सोडवा. कांदा-लसूण चमच्यानं दाबत सगळं गाळून घ्या.

कढईत दोन मोठे चमचे चरबी, त्यात दोन मोठे चमचे मैदा. कणीक किंवा बेसनही चालतं. मंद आचेवर तीन-चार मिनिटं परता. कच्चा वास जाऊन बदामी रंग यायला हवा. गाळलेला रस आणि लागेल तसं गरम पाणी मिळून दोन-अडीच कप, थोडं थोडं घालत हलवत राहा. पीठ उकळी आल्याशिवाय घट्ट होत नाही, म्हणून सुरुवातीला पातळ दिसलं तरी आणखी पीठ घालू नका. आठ-दहा मिनिटं मंद उकळवा. गुठळ्या राहिल्या तर पुन्हा गाळा. मिरपूड, थोडं लिंबू, झालं. खसखस, तीळ किंवा भाजलेलं खोबरं वाटून घातलंत तर त्याचं सालन होईल, आणि तेही छानच लागेल.

मीठ अगदी शेवटी. रानीला लावलेलं मीठ गळून रसात आलेलं असतं आणि रस आटल्यावर ते वाढतं. रोज्यात स्वयंपाक करणाऱ्या बहुतेक बायका मीठ चाखून पाहत नाहीत. तेव्हा शोरबा अळणीच ठेवावा आणि अजान झाल्यावर, खजूर-पाणी झालं की, चाखून मीठ घालावं.

ओव्हन नसेल तर जाड बुडाच्या पातेल्यात रानीचे मोठे तुकडे चारी बाजूंनी लाल करा, कपभर पाणी घाला, झाकण ठेवून मंद आचेवर सोडा. रस आणि खुरचन दोन्ही त्याच पातेल्यात मिळतात.

उरलेला शोरबा बाहेर ठेवू नका. आपल्याकडच्या उन्हाळ्यात तासाभरातच तो फ्रीजमध्ये जायला हवा. सहेरीला काढाल तेव्हा तो खरवसासारखा थलथलीत झालेला दिसेल. तो खराब झालेला नाही, ते जिलेटिन आहे. खळखळून उकळला की पूर्वीसारखा पातळ होईल. वेगळी काढलेली चरबी बरणीत भरून फ्रीजमध्ये ठेवली तर बटाटे परतायला, डाळीच्या फोडणीला येते.

एका रानीत किती माणसं?

हाड वजा केलं आणि भाजताना आटलेलं वजन धरलं, तर दीड किलोच्या रानीत पाच-सहा माणसं नीट जेवतात. सोबत अडीच कप शोरबा, उकडलेले बटाटे आणि नान असले तर दहा जण उठताना कुरकुर करत नाहीत. मांस तेवढंच राहतं, ताटं वाढतात. शोरब्याचं खरं काम हेच.

सहीह मुस्लिममध्ये हजरत अबू जर यांच्या हवाल्यानं एक हदीस आहे. प्रेषितांनी त्यांना सांगितलं होतं की शोरबा शिजवताना त्यात पाणी जरा जास्त घालावं आणि शेजाऱ्यांची आठवण ठेवावी. मटण जास्त आणायला सांगितलेलं नाही, पाणी वाढवायला सांगितलं आहे. म्हणजे ज्याच्याकडे थोडंच आहे त्यालाही वाटता यावं. आणि शेजारी कोण, कुठल्या धर्माचा, याची अट तिथं घातलेली नाही.

पण शेजाऱ्याला देताना एक काळजी आपण घ्यायला हवी. इफ्तारला शाकाहारी मंडळीही येतात, आणि ‘ग्रेव्ही’ म्हटलं की त्यांच्या डोळ्यांसमोर कांदा-टोमॅटोच येतो. बटाट्यावर ओतलेला तपकिरी रस्सा ते निःशंक मनानं घेतील. म्हणून भांडं वेगळं, डाव वेगळा, आणि वाढण्याआधी स्पष्ट सांगणं: हा मटणाचा रस आहे, तुमच्यासाठी हे दुसरं केलं आहे.

त्या मंडळींना ही कल्पना मात्र नवी वाटणार नाही. होळीला पुरणासाठी हरभऱ्याची डाळ शिजते, तेव्हा तिचं पाणी कोणी मोरीत ओतत नाही. त्या कटाची आमटी होते, आणि पुरणपोळी जेवणारे बरेच जण खरे त्या आमटीसाठीच बसलेले असतात. अलीकडच्या वर्षांत होळी आणि रमजान जवळजवळ येतात. एका घरून कटाची आमटी येते, दुसऱ्या घरून शोरबा जातो. ज्यांना तो चालतो त्यांच्याकडे डबा पाठवताना सोबत एवढंच सांगा: भाकरी कुस्करून खा, आणि दाट वाटला तर थोडं गरम पाणी घाला.