उद्या तिचे लग्न होते

इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी १९०२ साली ‘कादंबरी’ हा निबंध लिहिला, तेव्हा ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड निघून अवघी चार वर्षे झाली होती. अस्सल पत्रे, रुमालांत बांधलेली दप्तरे आणि मित्यांचे दाखले यांत आयुष्य वेचणाऱ्या या पुरुषाने कल्पित कथेचीही तितक्याच आस्थेने तपासणी करावी, इंग्रज कादंबरीकार रेनॉल्ड्सच्या मराठी अनुकरणांची खरपूस हजेरी घ्यावी, याचा विस्मय धुळ्याच्या राजवाडे संशोधन मंडळावरून जाताना मला दर खेपेस नव्याने वाटतो. १९२६ च्या अखेरच्या दिवशी ते याच शहरी निवर्तले.

मात्र पत्रातील वाक्य आणि कादंबरीतील वाक्य यांत मूळचा भेद कोणता, याचा व्याकरणाच्या अंगाने उलगडा केला तो एका जर्मन विदुषीने. हांबुर्ग येथे १८९६ साली जन्मलेल्या, टोमास मानच्या साक्षेपी अभ्यासक केटे हांबुर्गर ज्यू असल्यामुळे नाझी अमलात परागंदा झाल्या, वीसाहून अधिक वर्षे स्वीडनमध्ये राहिल्या, आणि मायदेशी परतल्यावर १९५७ साली त्यांचा साहित्याच्या तर्कशास्त्रावरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. त्यांचे म्हणणे मराठीतही पडताळता येते. ‘उद्या तिचे लग्न होते’ असे कोणी बोलण्यात म्हणाला, तर ठरलेले मोडले की काय, अशी शंका येते. कादंबरीत मात्र नायिका रात्री जागी असते, अंगणात मांडव उभा असतो, आणि तेच वाक्य कोणालाही खटकत नाही; कारण तेथे ‘होते’ हे रूप भूतकाळ सांगत नाही, तिचा ‘आज’ आपल्यासमोर उभा करते. परक्याचे मन असे आतून दिसते ते केवळ तृतीयपुरुषी कथनात. ‘मी’ने सांगितलेली कादंबरी ही त्यांच्या मते सत्यनिवेदनाची बतावणी होय.

हा निवाडा प्रथम मला जाचला. मग आमच्या खानदेशच्याच भालचंद्र नेमाड्यांची १९६३ ची ‘कोसला’ पुन्हा उघडली. पांडुरंग सांगवीकर सारे स्वमुखाने सांगतो, मध्ये रोजनिशीही येते. आणि धाकट्या बहिणीच्या, मनीच्या, मृत्यूपाशी आल्यावर तिच्या मनात अखेरीस काय चालले असेल, याचा त्याला तर्कच करावा लागतो. तिच्या मनात त्याला शिरता येत नाही, आणि त्याच्यामागे उभ्या राहिलेल्या वाचकालाही नाही.