आठ सेकंद

एखादा मल्ल आठ सेकंदांत जिंकला की आपण म्हणतो, नशीब! मकवान अमिरखानीचे तसेच झाले.

हा कुर्द मल्ल १९८८ साली इराणात केरमानशाह येथे जन्मला. कुर्दांना स्वतःचे राज्य नाही. १९२० च्या तहात दाखविलेली आशा १९२३ च्या लोझान तहात उरली नाही. मकवानचे कुटुंब निर्वासित होऊन फिनलंडला गेले. तेथे तो कुस्तीत वाढला; पुढे कुस्ती, ठोसे व लाथा या सर्वांना मुभा असलेल्या मिश्र द्वंद्वाकडे वळला. २४ जानेवारी २०१५ रोजी स्टॉकहोमच्या लढतीत त्याने धावत जाऊन उडता गुडघा हाणला. आठव्या सेकंदाला अँडी ओगलचा निकाल लागला.

नाव झाले ते गुडघ्याने. पुढे साथ दिली ती मात्र कुस्तीने. २०१९, २०२० आणि मार्च २०२२ मधले त्याचे विजय एकाच डावाचे आहेत: प्रतिस्पर्ध्याची मान व एक हात एकत्र कवळून आवळणे. मधे पराभवही झाले. जुलै २०२२ मध्ये लंडनला तो पुन्हा हरला.

आठ सेकंद लोकांच्या लक्षात राहिले. पण देश सुटलेल्या मुलाबरोबर जन्मभर राहिली ती अंगात मुरलेली विद्या. तिला नशीब कसे म्हणावे?