सम आणि विषम



अंकगणिताच्या अगदीं पहिल्या पायरीवर मुलांस सम व विषम संख्यांची ओळख करून देतात. ज्या संख्येस दोहोंनीं भागिलें असतां बाकी उरत नाहीं ती सम; एक उरतो ती विषम. ही व्याख्या एकदां पाठ झाली कीं तिच्याकडे पुनः फारसें कोणी वळून पाहत नाहीं. परंतु या साध्या भेदांत मोठें सामर्थ्य आहे. 'ही गोष्ट अद्याप कोणास साधली नाहीं' आणि 'ही गोष्ट कधींही कोणास साधणार नाहीं' या दोन विधानांत जमीन-अस्मानाचें अंतर आहे. पहिलें अनुभवानें कळतें. दुसरें सिद्ध करावें लागतें. तें कसें सिद्ध करावें, याचा सुलभ धडा सम-विषमापासून मिळतो.

प्रथम बेरजेचे नियम पाहूं. पंगतींत माणसें जोडीजोडीनें बसविलीं आहेत अशी कल्पना करा. संख्या सम असेल तर प्रत्येकास जोडीदार मिळतो. विषम असेल तर एकजण एकटा राहतो. दोन सम समूह एकत्र केले तर एकटा कोणीच नसतो. म्हणून बेरीज सम. एक सम व एक विषम मिळविल्यास तो एकटा तसाच राहतो; म्हणून बेरीज विषम. दोन विषम समूह एकत्र आले कीं दोहोंकडील एकटे परस्परांचे जोडीदार होतात, आणि बेरीज सम होते. यावरून असें निघतें कीं, सम इतक्या विषम संख्यांची बेरीज सम, व विषम इतक्या विषम संख्यांची बेरीज विषम. शून्याविषयीं पुष्कळांच्या मनांत शंका असते. परंतु शून्यास दोहोंनीं भागून बाकी कांहींच उरत नाहीं; तेव्हां शून्य समच होय.

आतां घरांतील एखादें पुस्तक घ्या. पहिल्या पानाच्या एका बाजूस १ व दुसऱ्या बाजूस २, पुढच्या पानावर ३ व ४, असे पृष्ठांक असतात. म्हणजे प्रत्येक पानावरील दोन अंकांची बेरीज विषम. त्यांतील कोणतींही सात पानें सुटून पडलीं, आणि त्यांवरील चौदा पृष्ठांकांची बेरीज कोणी ५०० सांगितली, तर ती चूक आहे. पानें डोळ्यांनीं न पाहतां हें निश्चयानें म्हणतां येतें. कारण सात विषम संख्यांची बेरीज विषमच असली पाहिजे. मात्र त्यानें ५०१ सांगितली असती, तर तेवढ्यावरून ती बरोबर ठरत नाहीं. ही कसोटी चूक पकडते. खरेपणाची हमी देत नाहीं. ही मर्यादाही ध्यानांत ठेवावी.

हाच विचार केवढा दूर जातो याचें एक प्रसिद्ध उदाहरण आहे. प्रशियांतील कोनिग्सबर्ग नगर प्रेगेल नदीच्या कांठीं वसलें होतें. नदीमुळें त्याचे चार भाग पडले होते: उत्तर तीर, दक्षिण तीर, मधलें बेट, आणि पूर्वेकडे दोन फांट्यांमधील भूभाग. यांस जोडणारे सात पूल होते. प्रत्येक पूल एकदां व एकदांच ओलांडून सातही पुलांवरून फिरतां येईल काय, असा प्रश्न होता. सात पुलांचे क्रम मांडूं लागल्यास ते ५०४० होतात. गणितज्ञ लिओनार्ड ऑयलर यानें १७३५ सालीं सेंट पीटर्सबर्ग येथील अकादमीपुढें याचें उत्तर ठेविलें, तें यांतील एकही क्रम न तपासतां.

वाटेंतील एखाद्या भागांत आपण एका पुलानें येतों व दुसऱ्यानें निघतों. म्हणजे त्या भागाचे पूल दोन-दोन करून खर्ची पडतात. म्हणून जेथून निघालों व जेथें थांबलों ते भाग वगळतां, इतर प्रत्येक भागास लागलेल्या पुलांची संख्या समच हवी. कोनिग्सबर्गच्या बेटास पांच पूल, व बाकीच्या तिन्ही भागांस तीन-तीन. विषमास जागा फार तर दोन, आणि येथें विषम भाग चार! तेव्हां असा फेरा अशक्य; कितीही चाललें तरी अशक्य.

पुढें दुसऱ्या महायुद्धांत बेटास दोन तीरांशीं जोडणारा एक-एक पूल नष्ट झाला. १९४६ सालीं नगराचें नांवही बदलून कालिनिनग्राड झालें. जुन्या सातांपैकीं उरलेल्या पांच जागांचाच विचार केला, तर आतां दोन्ही तीरांस दोन-दोन व इतर दोन भागांस तीन-तीन पूल येतात. विषम भाग दोनच राहिले. म्हणून बेटावरून निघून पूर्वेकडील भूभागावर संपणारा फेरा शक्य झाला. पूल कमी झाले, आणि वाट मोकळी झाली!

मुलगा पाटी बाजूस ठेवून 'जमत नाहीं' म्हणूं लागला, तर त्यास रागें भरूं नये. 'जमलें नाहीं, कीं जमणारच नाहीं?' एवढेंच विचारावें. पहिलें असेल तर त्यानें पुनः प्रयत्न करावा. दुसरें असेल तर कारण सांगावें. तें कारण त्यास सांगतां आलें, तर उत्तर काढण्याइतकेंच मोलाचें काम त्यानें केलें असें समजावें.