कोळंबीच्या कवचातून

कोळंबी सोलल्यावर उरणारी डोकी आणि कवचे यांचे वजन मूळ कोळंबीच्या जवळपास निम्मे भरते. किनाऱ्यावरच्या प्रक्रिया कारखान्यांत त्यांचे ढीग साचतात आणि काही तासांतच कुजू लागतात. याच कचऱ्यात कायटिन असते. निसर्गात सेल्युलोजच्या खालोखाल विपुल असणाऱ्या बहुवारिकांत, म्हणजे लहान रेणू एकमेकांना जोडून झालेल्या लांब साखळ्यांत, त्याची गणना होते. १८११ मध्ये आंरी ब्राकोनो या फ्रेंच संशोधकाला ते प्रथम सापडले, ते मात्र अळंबीत.

कवचातला चुनखडीचा अंश सौम्य हायड्रोक्लोरिक आम्लाने आणि प्रथिने कॉस्टिक सोड्याने काढली की कायटिन हाती येते. ते पाण्यात विरघळत नाही. तीव्र कॉस्टिक सोड्यात तापवल्यावर त्याचे कायटोसॅन बनते. हे मात्र व्हिनेगरसारख्या सौम्य आम्लातही विरघळते, त्यामुळे त्याचे पापुद्रे, धागे किंवा स्पंज करता येतात.

आम्लयुक्त कायटोसॅनवर धन विद्युतभार असतो आणि त्याचे मोल या भारातच आहे. तांबड्या रक्तपेशींचा पृष्ठभाग ऋणभारित असल्याने त्या त्याला चिकटतात, त्यांचा गठ्ठा होतो आणि जखमेचे तोंड बंद होते. इराक व अफगाणिस्तानातील युद्धांत अमेरिकी सैन्याने कायटोसॅनच्या पट्ट्या वापरल्या. जिवावरचा रक्तस्राव थोपवणारा पदार्थ कचऱ्यातून मिळावा, ही थोर गोष्ट आहे.

फळांवर कायटोसॅनचा पातळ लेप दिला की बुरशीला अटकाव होतो आणि फळ सावकाश पिकते. पिशवी बनवायची तर अडचण येते: नुसत्या कायटोसॅनचा पापुद्रा ओलावा शोषतो. तिथे मक्याच्या किंवा उसाच्या साखरेपासून बनणारे पॉलिलॅक्टिक आम्ल पुढे आहे. लॅक्टिक आणि ग्लायकोलिक आम्लांच्या बहुवारिकाचे टाके शरीरात काही आठवड्यांत विरघळतात, पण पॉलिलॅक्टिक आम्लाचा पेला लवकर कुजायला सुमारे ६० अंश सेल्सिअसचे औद्योगिक खत-केंद्र लागते. समुद्रात तो दीर्घकाळ तसाच राहतो. म्हणून ‘जैवविघटनशील’ हा शिक्का पाहून तो किनाऱ्यावर फेकणे चुकीचेच.

कायटोसॅनच्या उत्पादनातही आम्ल आणि अल्कलीचे सांडपाणी निघते. ते शुद्ध न करता सोडले तर पर्यावरणाचा लाभ उरत नाही. त्यामुळे कवचातली प्रथिने जिवाणूंकरवी आणि विकरांनी काढण्याच्या पद्धतींवर काम चालू आहे. ॲस्परजिलस नायजर या बुरशीपासूनही कायटोसॅन काढतात. कोळंबी-खेकड्यांची ॲलर्जी असणाऱ्यांसाठी आणि शाकाहारींसाठी तो पर्याय उपलब्ध आहे.