काबुकीपासून ‘चारचौघी’पर्यंत

जपानी काबुकीत ‘इबाराकी’ नावाचं एक नृत्यनाट्य आहे. कावाताके मोकुआमी या नाटककाराने ते १८८३ साली लिहिलं. वातानाबे नो त्सुना हा योद्धा एका राक्षसाचा हात छाटतो आणि पेटीत बंद करून ठेवतो. घराची दारं लावून तो व्रतस्थ बसलेला असताना त्याची म्हातारी मावशी दारात येते. लहानपणी मीच तुला वाढवलं, आता मलाच बाहेर ठेवतोस, म्हणून रडते. त्सुनाचं मन विरघळतं, तो तिला आत घेतो. मावशी तो हात बघायला मागते आणि पेटी उघडताच खऱ्या रूपात येऊन आपलाच हात घेऊन निसटते. या भूमिकेची परीक्षा अवघड आहे. म्हातारीच्या वाकलेल्या पाठीखाली राक्षसाचं बळ आहे हे प्रेक्षकाला जाणवलं पाहिजे, समोरच्या त्सुनाला मात्र कळता कामा नये.

दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शोझो सातो या जपानी दिग्दर्शकाने हे नाटक विद्यार्थ्यांना घेऊन बसवलं, तेव्हा त्यात पुण्याची एक मुलगी होती, रोहिणी ओक. पुढे तीच अभिनेत्री रोहिणी हट्टंगडी झाली. त्याच विद्यालयात शिवराम कारंतांनी बसवलेल्या ‘भीष्मविजय’ या यक्षगानात, म्हणजे कर्नाटकातल्या नृत्यनाट्यातही तिने काम केलं. काबुकी आणि यक्षगान हे दोन्ही प्रकार परंपरेने पुरुषांचे. काबुकीत काम करणारी आशियातली पहिली स्त्री, असं रोहिणीताईंबद्दल अनेक ठिकाणी लिहिलेलं आढळतं. ते खरं मानता येत नाही, कारण काबुकीची सुरुवातच एका बाईने केली आहे. पण हा मान काढून घेतला तरी त्यांचं काही उणं होत नाही. विशीतल्या एका मराठी मुलीने दोन देशांतल्या दोन पुरुषी परंपरा अंगात मुरवल्या, ही गोष्ट पुरेशी मोठी आहे. त्यांच्या पुढच्या पन्नास वर्षांच्या कारकिर्दीचं मूळ मला याच तालमीत दिसतं.

काबुकीची ती पहिली बाई म्हणजे ओकुनी. १६०३ च्या सुमारास क्योतोत कामो नदीच्या कोरड्या पात्रात तिने नाचगाण्याचे खेळ केले आणि त्यातून हा प्रकार उभा राहिला. १६२९ मध्ये सत्ताधाऱ्यांनी बायकांना रंगमंचावर बंदी घातली. मग स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषांची मोठी परंपरा तयार झाली, तिला ओन्नागाता म्हणतात. बाई परत आली ती अडीचशेहून अधिक वर्षांनी. सादायाक्को या अभिनेत्रीने अमेरिका आणि युरोप गाजवला आणि १९०८ साली तोक्योत अभिनेत्रींसाठी शाळा काढली. १९११ साली मात्सुई सुमाको इब्सेनची नोरा झाली. जपानी सिनेमात तर १९२० च्या आसपासपर्यंत स्त्रीभूमिका पुरुषच करत होते.

मराठी वाचकाला हा इतिहास ओळखीचा वाटेल. विष्णुदास भाव्यांनी १८४३ मध्ये सांगलीत नाटक उभं केलं तेव्हापासून आपल्याकडेही सीता आणि द्रौपदी पुरुषच होत आले. बालगंधर्वांनी ती कला शिखरावर नेली. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मधली तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने केली आणि त्याच वर्षी, १९१३ मध्ये, ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या. लोकांची बोलणी खाऊन आल्या. भारूड, लळितात तर पुरुषाने लुगडं नेसून उभं राहणं आपण अगदी अलीकडेपर्यंत पाहत होतो. परभणी जिल्ह्यातल्या गंगाखेड तालुक्यातलं राणीसावरगाव हेच पाहा, ते रेणुकामातेचं गाव आहे. रेणुका ही गोंधळाची देवी, आणि गोंधळातही संबळ वाजवणारा, कथा लावणारा, मधेच बाईचा आवाज काढून संवाद म्हणणारा पुरुषच असतो. देवी बाई, तिची गोष्ट सांगणारे पुरुष. म्हणून नटीची वाट कशी घडते हे समजून घ्यायचं तर तिला ही वाट मिळाली कधी, हे आधी बघावं लागतं.

रोहिणीताईंचा जन्म ११ एप्रिल १९५१ चा, पुण्याचा. १९७१ मध्ये त्या नाट्य विद्यालयात गेल्या. इब्राहिम अल्काझी तेव्हा संचालक होते आणि त्यांची शिस्त कडक होती. तिथे नुसता अभिनय शिकवत नसत. प्रकाशयोजना, वेशभूषा, नेपथ्य, नाटकाचा अभ्यास, सगळंच करावं लागे. सर्वोत्कृष्ट अभिनेत्री आणि सर्वोत्कृष्ट विद्यार्थी असे दोन्ही मान घेऊन त्या १९७४ मध्ये बाहेर पडल्या. तिथेच शिकणारे जयदेव हट्टंगडी पुढे त्यांचे पती आणि अनेक नाटकांचे दिग्दर्शक झाले.

या शिक्षणाने नेमकं काय दिलं, हे जरा थांबून बघू. काबुकीत ‘मिए’ नावाची एक स्थिती असते. भावनेच्या अत्युच्च क्षणी नट गोठतो, डोळे रोखतो, लाकडी ठोकळ्यांचा आवाज होतो आणि ते चित्र प्रेक्षकाच्या मनावर उमटतं. यक्षगानात चंडे हे तालवाद्य वाजत असतं, भागवत म्हणजे गायक-निवेदक गात असतो, अंगावर जड वेश असतो, आणि तरीही पाय तालात पडावे लागतात. दोन्हीकडे भावना आधी शरीरात उभी करायची असते, चेहरा त्यामागून येतो. हे ज्याला जमलं तो कॅमेऱ्यासमोर अगदी थोडक्यात काम करू शकतो, कारण काय काय कमी करायचं हे त्याला ठाऊक असतं. रोहिणीताई पडद्यावर नुसत्या बसलेल्या असतात तेव्हाही त्या बसण्याला वय असतं, घर असतं, थकवा असतो.

मुंबईत आल्यावर त्यांनी धरली ती प्रायोगिक रंगभूमी. सुलभा आणि अरविंद देशपांडे, विजय तेंडुलकर यांनी १९७१ मध्ये सुरू केलेली ‘आविष्कार’ ही संस्था दादरच्या छबिलदास शाळेच्या सभागृहात नाटकं करत होती. तिथे पैसा नव्हता, काम मात्र भरपूर होतं. स्पॅनिश नाटककार लोर्काच्या ‘येर्मा’वरून मराठीत आलेल्या ‘चांगुणा’त मूल नसलेल्या बाईची तडफड त्यांनी उभी केली, दिग्दर्शन जयदेवांचं. पडद्यावर आल्या तेही अशाच वळणाच्या चित्रपटांतून. सईद मिर्झांचा ‘अरविंद देसाई की अजीब दास्तान’ १९७८ चा, रवींद्र धर्मराजांचा ‘चक्र’ १९८१ चा.

मग ‘गांधी’. नोव्हेंबर १९८० मध्ये रिचर्ड ॲटनबरोंनी चित्रीकरण सुरू केलं तेव्हा रोहिणीताई एकोणतीस वर्षांच्या होत्या. कस्तुरबा करायच्या म्हणजे दक्षिण आफ्रिकेतल्या तरुण पत्नीपासून २२ फेब्रुवारी १९४४ रोजी पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये प्राण सोडणाऱ्या वृद्धेपर्यंत सगळं आयुष्य एकाच शरीरात चढवायचं. आश्रमात संडास साफ करण्यावरून नवरा तिला घराबाहेर ढकलू पाहतो तो प्रसंग आठवा. बेन किंग्जले यांचा आवाज चढतो, पण प्रसंग पेलतात रोहिणीताई. नवऱ्याला त्याची चूक दाखवतानाही त्या स्वतःचा तोल सोडत नाहीत. १९८३ मध्ये या भूमिकेला ब्रिटिश अकादमीचा, म्हणजे बाफ्टाचा, सहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला, ‘रेड्स’मधल्या मॉरीन स्टेपलटन यांच्यासोबत विभागून. ‘गांधी’च्याच वेशभूषेसाठी कोल्हापूरच्या भानू अथैया यांनी ऑस्कर आणलं. दोन मराठी बायकांचं हे यश आपल्या शाळांमधून जेवढं सांगायला हवं होतं तेवढं सांगितलं गेलं नाही, असं मला मनापासून वाटतं.

बाफ्टानंतर काय झालं, हा या कारकिर्दीतला सगळ्यात बोलका भाग. हिंदी सिनेमाने त्यांना म्हातारं करून टाकलं. १९८४ च्या ‘सारांश’मध्ये त्या तेहतीस वर्षांच्या असताना मुलगा गमावलेल्या पार्वती प्रधान झाल्या. १९९० च्या ‘अग्निपथ’मध्ये त्या अडतीस वर्षांच्या आणि त्यांचा मुलगा झालेले अमिताभ बच्चन सत्तेचाळीस वर्षांचे. नायकाला वय नसतं आणि नटीला तिशीतच आई केलं जातं, ही त्या धंद्याची सरळ अन्यायाची रीत आहे. अनेक चांगल्या नट्या यात संपल्या. रोहिणीताई संपल्या नाहीत, कारण वय ही त्यांच्यासाठी अंगात उतरवायची गोष्ट होती आणि ते त्या विद्यार्थिदशेतच शिकल्या होत्या. ‘सारांश’मधली पार्वती मूल परत येईल या आशेवर जगते. ती आशा त्यांनी इतकी खरी केली आहे की तिला वेडी म्हणायला जीभ रेटत नाही.

त्याआधी १९८२ च्या ‘अर्थ’मध्ये त्यांनी मोलकरीण केली. मुलीच्या शाळेसाठी पैसे साठवणारी, नवऱ्याचा मार खाणारी, आणि ते पैसे त्याने उडवल्यावर त्याचा जीव घेणारी. तिला फिल्मफेअर मिळालं. १९८४ चा गोविंद निहलानींचा ‘पार्टी’ महेश एलकुंचवारांच्या नाटकावरचा. त्यातली मोहिनी बर्वे ही एके काळची नटी आहे, प्रसिद्ध लेखकाच्या संसारात तिचं काम सुटलंय आणि दारू जवळ आलीय. या भूमिकेने त्यांना राष्ट्रीय पुरस्कार दिला. रोहिणीताईंची सर्वात मोठी पडद्यावरची भूमिका कुठली, असं विचारलं तर मी कस्तुरबांच्या आधी मोहिनीचं नाव घेईन. रंगमंच सुटलेल्या बाईचं दुःख त्यात आहे, आणि ते करणाऱ्या बाईने स्वतः रंगमंच कधी सोडला नाही.

हा न सोडण्याचा निग्रह जपानमध्येही दिसतो. हिरोशिमात जन्मलेल्या अभिनेत्री हारुको सुगिमुरा या १९३७ मध्ये स्थापन झालेल्या ‘बुंगाकुझा’ नाट्यसंस्थेच्या आधारस्तंभ होत्या. दिग्दर्शक ओझूंच्या १९५३ च्या ‘तोक्यो स्टोरी’ या चित्रपटात आईवडिलांना ओझं मानणारी थोरली मुलगी त्यांनीच केली, जगभर त्यांना ओळखतात ते त्यामुळे. पण जपानी लोकांना त्या माहीत ‘ओन्ना नो इश्शो’ या नाटकामुळे. एप्रिल १९४५ मध्ये, बॉम्बवर्षाव चालू असताना, त्याचा पहिला प्रयोग झाला. कोवळ्या मुलीपासून वृद्धेपर्यंतची ती भूमिका सुगिमुरांनी पुढे कित्येक दशकं, नऊशेहून अधिक वेळा केली. १९९५ मध्ये सरकारने देऊ केलेला संस्कृती सन्मान त्यांनी नाकारला. १९९७ ला त्या गेल्या. सिनेमा हे वरचं पद आणि नाटक ही खालची पायरी, असा हिशेब ना त्यांनी मांडला ना रोहिणीताईंनी. दोघींनीही मोठी कामं करून परत तालमीची खोली गाठली. ‘अपराजिता’ हे एकपात्री नाटक रोहिणीताईंनी जयदेवांच्याच दिग्दर्शनाखाली केलं. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार २००४ चा.

गावोगावच्या घरांत मात्र हा चेहरा पोचला तो ईटीव्ही मराठीवरच्या ‘चार दिवस सासूचे’मुळे. २००१ ते २०१३, तीन हजारांहून अधिक भाग. आशा देशमुख ही सासू रोज संध्याकाळी घरात यायची. नंतर ‘होणार सून मी ह्या घरची’मधली आईआजी आली. मालिकांना नाक मुरडणाऱ्यांनी एवढं लक्षात घ्यावं की रोज बदलत्या संवादांवर बारा वर्षं एकच माणूस विश्वासार्ह ठेवणं ही कमी प्रतीची कला नव्हे. आणि त्याच मालिकांवर मराठी नटांची घरं चालतात, म्हणून त्यांना नाटक परवडतं.

२०२२ मध्ये त्या ‘चारचौघी’त आल्या. लेखक प्रशांत दळवी, दिग्दर्शक चंद्रकांत कुलकर्णी, दोघेही मराठवाड्याचे, औरंगाबादच्या ‘जिगीषा’तून घडलेले. १९९१ मध्ये दीपा श्रीराम, वंदना गुप्ते, आसावरी जोशी आणि प्रतीक्षा लोणकर यांनी गाजवलेलं हे नाटक मुक्ता बर्वे, कादंबरी कदम आणि पर्ण पेठे यांच्यासह पुन्हा उभं राहिलं. विवाहित पुरुषाशी नातं ठेवून तीन मुली वाढवणारी आई रोहिणीताईंनी एकाहत्तराव्या वर्षी केली. तीन-साडेतीन तासांचं नाटक, दौऱ्यांसकट. पुढच्याच वर्षी जून २०२३ मध्ये ‘बाईपण भारी देवा’ आला आणि सहा बहिणींपैकी एक म्हणून त्यांना बघायला बायका ट्रकभर, बसभर थिएटरात गेल्या.

राणीसावरगावच्या किंवा गंगाखेडच्या एखाद्या मुलीला ही वाट खुली आहे का? खुली आहे, फक्त ती रील्समधून जात नाही. शाळेच्या स्नेहसंमेलनात नाटुकलं, मग नांदेडच्या स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाचा युवक महोत्सव, मग हौशी राज्य नाट्य स्पर्धा, जिचं केंद्र परभणीत असतं. पुढे छत्रपती संभाजीनगरच्या विद्यापीठातला नाट्यशास्त्र विभाग, पुण्याचं ललित कला केंद्र, मुंबई विद्यापीठाची थिएटर अकादमी. राष्ट्रीय नाट्य विद्यालयाला पदवी आणि किमान सहा नाटकांत काम केल्याचा अनुभव लागतो. निवड झाली की तीन वर्षं शिष्यवृत्ती मिळते. बीड जिल्ह्यातल्या दरडवाडीचे वामन केंद्रे याच विद्यालयात शिकले आणि २०१३ मध्ये त्याचे संचालक झाले, म्हणजे आपल्या मातीतून तिथे पोचता येतं याला पुरावा आहे.

अडतं ते तालमीला. संध्याकाळी सात ते दहा ही तालमीची वेळ, आणि गावात मुलीला त्या वेळी बाहेर पाठवत नाहीत. ही अडचण खरी आहे आणि तिला उत्तरही आहे. शाळेने तालीम दुपारी घ्यावी, शिक्षिकेने सोबत थांबावं, स्पर्धेच्या गाडीत एखाद्या आईला जागा ठेवावी. मुख्याध्यापकांनो, यंदाच्या स्नेहसंमेलनात एक तरी नाटक मुलींना पूर्ण बसवू द्या, आणि त्यातली जिला अंग आहे तिच्या वडिलांना बोलावून राष्ट्रीय नाट्य विद्यालयाच्या प्रवेशाची माहिती हातात द्या.