प्रश्न विचारणाऱ्याचा अधिकार : प्रा. यशपाल यांची कारकीर्द

विज्ञान आणि समाज : लेखांक ५

गेल्या लेखांकात लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमधल्या नाताळच्या व्याख्यानांचा विचार केला. १८२५ मध्ये सुरू झालेल्या त्या परंपरेत शास्त्रज्ञ मंचावर असतो, मुले समोर बसतात आणि विषय काय हे शास्त्रज्ञाने आधीच ठरवलेले असते. मायकेल फॅरेडे यांच्यासारखा वक्ता असेल तर या पद्धतीत काही उणे वाटत नाही. पण देशातले बहुसंख्य लोक त्या सभागृहापर्यंत पोहोचूच शकत नसतील, आणि पोहोचले तरी त्यांचे कुतूहल वेगळ्याच गोष्टींभोवती फिरत असेल, तर काय करायचे? स्वतंत्र भारतात या प्रश्नाला सर्वांत चिकाटीने भिडलेला शास्त्रज्ञ म्हणजे प्रा. यशपाल. दूरदर्शनवर हसतमुखाने उत्तरे देणारे पांढऱ्या केसांचे गृहस्थ म्हणून ते घराघरांत ओळखले गेले, आणि त्या प्रतिमेमागे त्यांचे मोठे काम झाकले गेले. सामान्य माणसाचा प्रश्न जिथे निर्णय होतात तिथपर्यंत पोहोचावा, अशा व्यवस्था उभ्या करण्यात त्यांची कारकीर्द खर्ची पडली. विज्ञानसंवाद म्हणजे संशोधन आटोपल्यावर उरलेल्या वेळात करायचे समाजकार्य, हा समज त्यांच्या कारकिर्दीसमोर टिकत नाही, असे मला वाटते.

यशपाल यांचा जन्म १९२६ चा, आज पाकिस्तानात असलेल्या झंगचा. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत त्यांनी वैश्विक किरणांवर काम केले. विशेष प्रकारच्या छायाचित्रण-लेपाचे थर फुग्यांबरोबर खूप उंच पाठवायचे, त्यांवर उमटलेल्या कणांच्या रेषा सूक्ष्मदर्शकाखाली मोजायच्या आणि त्यांवरून कणांचे स्वरूप ओळखायचे, असे ते चिकाटीचे काम. १९५८ मध्ये त्यांनी अमेरिकेतल्या एमआयटीची पीएच.डी. मिळवली. अशा माणसाने प्रयोगशाळा सोडून गावच्या शाळांकडे वळणे म्हणजे चांगला भौतिकशास्त्रज्ञ वाया जाणे, असा आक्षेप घेता येतो. पण १९७२ मध्ये मध्य प्रदेशातल्या होशंगाबाद जिल्ह्यात सोळा माध्यमिक शाळांमधून नवा विज्ञानशिक्षणाचा प्रयोग सुरू झाला, तेव्हा त्याच्या पाठीशी मुंबईच्या याच संस्थेतले शास्त्रज्ञ उभे राहिले आणि त्यांत यशपाल होते, हे विसरून चालणार नाही. तिथे मुलांनी पाठ्यपुस्तकातली व्याख्या घोकायची नव्हती. पाने, माती, भिंगे, तारा हाताळायच्या, मोजायचे, आपापसांत वाद घालायचा आणि मग निष्कर्ष लिहायचा. परीक्षेतही पुस्तक उघडून बसायची मुभा होती. वैश्विक किरणांच्या प्रयोगशाळेत चालत होते ते आणि होशंगाबादच्या वर्गात चालत होते ते, दोन्हींची रीत एकच होती. म्हणून याला दिशा बदलणे म्हणता येत नाही.

१९७३ मध्ये ते अहमदाबादच्या अवकाश उपयोजन केंद्राचे पहिले संचालक झाले. उपग्रहाद्वारे खेड्यांत दूरचित्रवाणी नेण्याची कल्पना विक्रम साराभाई यांची. १९६९ मध्ये अमेरिकेच्या नासाशी तसा करारही झाला होता. पण १९७१ च्या डिसेंबरात साराभाई गेले आणि कल्पना प्रत्यक्षात आणण्याची जबाबदारी पुढच्यांवर आली. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ या वर्षात नासाच्या एटीएस-६ या उपग्रहावरून सहा राज्यांतल्या सुमारे २,४०० गावांत कार्यक्रम दिसले. आंध्र प्रदेश, बिहार, कर्नाटक, मध्य प्रदेश, ओरिसा आणि राजस्थान ही ती राज्ये. त्यांत महाराष्ट्र नव्हता. गावातल्या सार्वजनिक जागी संच, वर कोंबड्यांच्या खुराड्याला लावतात तसल्या जाळीची सुमारे तीन मीटर व्यासाची छत्री, सकाळी मुलांसाठी आणि संध्याकाळी मोठ्यांसाठी कार्यक्रम, भाषा हिंदी, कन्नड, ओडिया आणि तेलुगू. ज्या काळात देशात दूरचित्रवाणी मोजक्या शहरांपुरती होती, त्या काळात ती थेट दुर्गम खेड्यांत सुरू झाली. तंत्रज्ञान आधी शहरात स्थिरावते आणि मग उरलेसुरले गावाकडे झिरपते, हा क्रम इथे जाणूनबुजून मोडला होता. काही गावांत मानववंशशास्त्राचे अभ्यासक मुक्कामाला राहिले आणि लोक काय पाहतात, कशाकडे पाठ फिरवतात, याच्या नोंदी त्यांनी केल्या. अभियंत्यांच्या प्रकल्पात हे काम मुळापासून असणे, ही मला उपग्रहाइतकीच महत्त्वाची गोष्ट वाटते.

तरीही एक टीका गंभीरपणे घ्यायला हवी. उपग्रहावरून येणारा कार्यक्रम वरून खालीच येणार. गावकऱ्याने ऐकायचे, बोलायचे कुठे? शिवाय ते वर्ष आणीबाणीचे, आणि सरकारच्या हातातले माध्यम. हा आक्षेप खोटा नाही. सहा राज्यांना एकाच वेळी दाखवलेला कार्यक्रम एखाद्या गावच्या विहिरीबद्दल बोलू शकत नाही. पण त्याच केंद्राने गुजरातमधल्या खेडा जिल्ह्यात पिज येथील छोट्या प्रक्षेपकावरून जे केले, ते या आक्षेपाचे उत्तर आहे. तिथले कार्यक्रम जिल्ह्यापुरते होते, गावकऱ्यांच्या बोलीत होते आणि गावकरी स्वतः त्यांत होते. मजुरी, पाणी, सावकारी यांबद्दलची गाऱ्हाणी ते कॅमेऱ्यासमोर मांडत. १९८४ मध्ये ग्रामीण संवादासाठीचा युनेस्कोचा पुरस्कार या प्रकल्पाला मिळाला. पुढच्याच वर्षी पिजचे प्रक्षेपण थांबले. उपग्रहाचा प्रयोग देशभराच्या जाळ्यात वाढला आणि खेडा जिल्ह्याचा प्रयोग वाढला नाही, याचे कारण मला स्पष्ट दिसते : पहिल्यात लोकांना सांगायचे होते, दुसऱ्यात त्यांचे ऐकावे लागत होते.

विद्यापीठ अनुदान आयोगाचे अध्यक्षपद यशपाल यांच्याकडे १९८६ ते १९९१ होते. प्रत्येक विद्यापीठाला मोठी उपकरणे परवडत नाहीत, म्हणून सर्वांना खुली अशी आंतरविद्यापीठीय केंद्रे उभी राहिली. पुण्याचे आयुका त्यांतलेच, १९८८ चे. ते उभारायला त्यांनी टाटा संस्थेतून जयंत नारळीकर यांना आणले. याचा विज्ञानसंवादाशी काय संबंध, असे कोणी विचारील. आयुकात शाळकरी मुलांसाठी व्याख्याने सुरू झाली, पुढे पु. ल. देशपांडे यांच्या नावच्या प्रतिष्ठानच्या देणगीतून मुलांचे मुक्तांगण विज्ञान केंद्र उभे राहिले, आणि हे सारे संशोधन संस्थेच्या आवारात घडले. दीर्घिकांच्या उत्पत्तीवर काम करणारा शास्त्रज्ञ आणि सातवीतली मुलगी एकाच फाटकातून आत येतात, ही सोय आपोआप होत नाही. कोणीतरी ती धोरणात बसवावी लागते.

नव्वदच्या दशकात दूरदर्शनच्या ‘टर्निंग पॉइंट’मध्ये प्रेक्षकांचे प्रश्न यशपाल यांच्यासमोर येऊ लागले. गिरीश कार्नाड यांच्यासारखे सूत्रधार त्या कार्यक्रमाला लाभले होते. इथे अभ्यासक्रमवाद्यांचा आक्षेप येतो : प्रश्नांच्या मागे धावले तर ज्ञान तुकड्यातुकड्यांनी मिळते, विज्ञानाला क्रम लागतो. क्रम लागतो, हे मान्य. पण तारे लुकलुकतात आणि ग्रह सहसा लुकलुकत नाहीत, ते का, हा कोणत्याही मुलाला पडेल असा प्रश्न घ्या. तारा इतका दूर की तो बिंदूच दिसतो. हवेच्या कमीअधिक तापमानाच्या थरांतून येताना त्याचा किरण सतत किंचित वाकतो, म्हणून प्रकाश कमीजास्त होतो. ग्रह जवळ, त्याची लहानशी तबकडी असते. तिच्या निरनिराळ्या बिंदूंकडून येणारे चढउतार एकमेकांना भरून काढतात. या एका उत्तरात अपवर्तन, घनता, तापमान आणि कोनीय आकार एकमेकांना जोडले गेले. शाळेत हे चार वेगवेगळ्या धड्यांत, कधीकधी वेगवेगळ्या इयत्तांत येतात आणि बहुतेकांच्या डोक्यात ते कधीच भेटत नाहीत. क्रम प्रश्नातही असतो. तो शोधून देणे हे जाणकाराचे काम.

१६ फेब्रुवारी १९८० ला दक्षिण भारतातून खग्रास सूर्यग्रहण दिसले तेव्हा डोळे जातील या भीतीने शहरांतले रस्ते ओस पडले होते. २४ ऑक्टोबर १९९५ च्या खग्रास ग्रहणाचे दूरदर्शनने थेट प्रक्षेपण केले आणि निवेदनाला यशपाल होते. राजस्थानपासून बंगालपर्यंतच्या पट्ट्यात लोक गर्दीने जमले. श्रेय एका माणसाचे नव्हे. लोकविज्ञान चळवळी आणि सुरक्षित चष्मे वाटणारे कार्यकर्ते गावोगाव राबले होते. पण भीती घालवण्यासाठी धमकावण्यापेक्षा समजावणे उपयोगी पडते, याचा इतका ठळक पुरावा आपल्याकडे दुसरा नाही.

१९९३ मध्ये त्यांच्या समितीने ‘ओझ्याविना शिक्षण’ हा छोटेखानी अहवाल दिला. दप्तराच्या वजनापेक्षा न समजण्याचे ओझे जास्त घातक, हे त्याचे सार. महाराष्ट्रात या अहवालाचे काय झाले? २०१५ मध्ये शासनाने निर्णय काढला : दप्तर मुलाच्या वजनाच्या दहा टक्क्यांहून जड नको. निर्णय योग्यच होता. पण काट्यावर मोजता येते तेवढेच आपण ऐकले. न समजण्याचे ओझे तसेच राहिले, कारण ते उतरवायचे तर परीक्षा बदलावी लागते, आणि मुलाचा प्रश्न ऐकायला शिक्षकाला वेळ व मोकळीक द्यावी लागते.

यशपाल यांच्या वाटेविरुद्ध सर्वांत जड पुरावा होशंगाबादचाच आहे. सोळा शाळांचा तो कार्यक्रम पाचशेहून अधिक शाळांत गेला, आणि २००२ मध्ये मध्य प्रदेश सरकारने तो बंद केला. तीस वर्षांचे काम एका प्रशासकीय निर्णयाने थांबत असेल, तर त्यात यशस्वी काय म्हणायचे? माझे उत्तर असे, की बंद पडल्या त्या शाळांतल्या तासिका. २००५ च्या राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखड्याच्या सुकाणू समितीचे अध्यक्षपद यशपाल यांच्याकडे आले. शाळेबाहेरच्या जगण्याशी ज्ञान जोडण्याचा आणि घोकंपट्टीपासून दूर जाण्याचा आग्रह त्या आराखड्यात धरलेला आहे, आणि होशंगाबादच्या वर्गांत तीस वर्षे तोच चालला होता. दुसरा धागा पुण्याला आला. टेल्कोतला एक तरुण अभियंता १९७८ मध्ये रजा काढून होशंगाबादला गेला, तिथे आगकाड्या आणि सायकलच्या व्हॉल्व्हची नळी यांपासून भूमितीच्या आकृत्या करू लागला, आणि पुढे आयुकाच्या मुलांच्या केंद्रात त्याने अनेक वर्षे काम केले. त्या अरविंद गुप्ता यांच्या खेळण्यांचा आणि त्यांतल्या विज्ञानाचा विचार पुढच्या आठवड्यात करू.