घडणावळीचा हिशेब

बँकेत असताना सोनेतारणाची कर्जे मी कितीतरी मंजूर केली. सराफ यायचा, दागिना कसोटीवर घासायचा, काट्यावर ठेवायचा. खडे वजा, लाख वजा, दोरा वजा. उरेल ते सोने. ‘साहेब, घडणावळ धरायची नाही,’ असे त्याने मला पहिल्याच दिवशी बजावले होते. ठुशी असो की कोल्हापुरी साज, बँकेच्या लेखी खरे दोनच: वजन आणि कस.

ही शिस्त माझ्या अंगात भिनली. १९९१ साली गिरगावातल्या चाळीतून आम्ही मुलुंडला आलो. नव्या ब्लॉकमध्ये माळा नव्हता. तांब्याचा बंब, हंडे, घंगाळ सगळे मोडीत काढायचे ठरले. त्या ढिगात आजीच्या पानाच्या डब्यातला पोपटाच्या आकाराचा पितळी अडकित्ता होता. आई म्हणाली, “हा राहू दे की रे.” मी म्हटले, “आई, सुपारी खातंय कोण आता आपल्याकडे?” तिने तो पदराने पुसला आणि मुकाट्याने माझ्या हातात दिला. मापात फसगत होऊ नये म्हणून मी काट्यावर डोळा ठेवून उभा होतो!

हे सारे आठवायला निमित्त झाले ते हेन्री सँडन या इंग्रज गृहस्थाचे. बीबीसीवर १९७९ पासून ‘अँटिक्स रोडशो’ नावाचा कार्यक्रम चालू आहे. गावोगावचे लोक घरातल्या जुन्या वस्तू घेऊन येतात, जाणकार त्या पारखतात आणि शेवटी किंमत सांगतात. इंग्लंडात असलेल्या मुलीने त्याचे जुने भाग मला दाखवले, आणि त्यातला सँडन मनात घर करून राहिला.

हा माणूस मुळात गवई. वूस्टर शहरात तो संगीत शिकवी आणि तिथल्या कॅथीड्रलमध्ये गाई. घराची बाग खणताना त्याला रोमन काळातली खापरे सापडली आणि त्याच्या आयुष्याने वळण घेतले. पुढे तो तिथल्या चिनी मातीच्या भांड्यांच्या संग्रहालयाचा अभिरक्षक झाला आणि नंतर दूरदर्शनच्या पडद्यामुळे घरोघरी पोहोचला. १९९० साली नॉर्दम्प्टनला एक बाई मातीचे घुबड घेऊन आल्या. ते निघाले सतराव्या शतकातले. डोके उचलले की त्याचा पेला होतो. सँडनने किंमत सांगितली ती वीस हजार पौंडांच्या घरातली. आज ते घुबड स्टोक-ऑन-ट्रेंटच्या संग्रहालयात आहे. सँडन २०२३ साली, ९५ व्या वर्षी गेला.

लोक तो आकडा लक्षात ठेवतात. मला मात्र आवडले ते आकड्याच्या आधीचे. वस्तू हातात घेताच त्याचा चेहरा उजळतो. ती कुठल्या भट्टीतली, कशी घडवली, हे तो रंगून सांगतो. म्हणजे आमचा सराफ जी घडणावळ वजा करी, नेमकी तीच हा जमेस धरी.

आपल्याकडेही असा एक पारखी होऊन गेला. पुण्याचे दिनकर केळकर (१८९६–१९९०). त्यांचा लहानगा मुलगा राजा गेला. त्याच्या नावाने त्यांनी दिवे, कुलपे, दौती, अडकित्ते अशा साध्या घरगुती वस्तूंचे संग्रहालय उभे केले आणि १९७५ साली ते राज्य सरकारच्या स्वाधीन केले. कुणीतरी अडगळ ठरवलेली वस्तू तिथे काचेआड मानाने बसली आहे.

निवृत्तीनंतर मी तिथे गेलो. अडकित्त्यांच्या कपाटापुढे बराच वेळ उभा होतो. आमचा पोपट तिथे असण्याचे कारणच नव्हते, तरी डोळे त्याला शोधत राहिले. बाजारात त्याचे किती आले असते, कोण जाणे. कदाचित फारसे नाहीच. पण तो कुणी घडवला, आजीकडे कसा आला, हे मी आईला कधी विचारलेच नाही. आता विचारायला आईही नाही.

तुमच्या घरी दिवाळीची आवराआवर निघेल, भंगारवाला दारात येईल. काटा मांडण्याआधी घरातल्या म्हाताऱ्या माणसाला दहा मिनिटे जवळ बसवा. त्या वस्तूचे नाव-गाव विचारा, चिठ्ठीवर लिहून आत घालून ठेवा. मग वाटले तर खुशाल विका.

मला त्या पितळेचे किती रुपये मिळाले, ते आज आठवत नाही. तो पुसणारा आईचा पदर मात्र आठवतो.